ओळ सातवी, बारा टक्के

१

शहरातल्या दुकानांत बाळाच्या दुधाचा एकही डबा उरला नव्हता, आणि त्याचा जाब एका बंद तळघरात विचारला जाणार होता.

तळघर सरकारी छापखान्याचं. अंदाजपत्रकाचं भाषण दर वर्षी इथंच छापलं जाई, आणि अर्थमंत्री ते संसदेत वाचून खाली बसेपर्यंत छापणारी माणसं आत कोंडलेली असत. दहा दिवस. खिडकी नाही, मोबाइल नाही. दाराला दोन कुलपं आणि दोन्ही किल्ल्या बाहेर. आत सकाळ झाली की नाही हे भिंतीवरच्या घड्याळाला विचारायचं, आणि त्यावरही मशीनमामांचा विश्वास नव्हता. "बारा वाजलेत म्हणे. कुणाचे?" असं ते रोज दोनदा म्हणत.

नवव्या दिवशी दहाच्या सुमाराला दार उघडलं तेव्हा सगळ्यांना वाटलं, भाजी आली. आला तपासणीस. मागं कुलूप पुन्हा लागलं. तो आवाज ऐकून त्यानंही एकदा वळून पाहिलं.

त्यानं टेबलावर एक घडी केलेला कागद ठेवला. व्यापाऱ्यांचं बाजारपत्रक, आदल्या दिवशी सकाळचं. वरच ठळक ओळ होती: 'बाळाच्या दूधभुकटीच्या पहिल्या व दुसऱ्या नंबरच्या डब्यांवर बारा टक्के कर येणार.'

"संध्याकाळपर्यंत दुकानं रिकामी," तपासणीस म्हणाला. "बायका पोरं कडेवर घेऊन रांगा लावतायत. आता मला सांगा, भाषणात दूधभुकटी आहे का?"

 मग कोपऱ्यातून वेलांटीबाई हळूच म्हणाली, "आहे."

"बारा टक्के?"

"बारा टक्के."

"म्हणजे बातमी इथूनच फुटली. फोन आतापासून बंद. उद्या अकराला भाषण, साडेबाराला दार उघडेल. ज्याच्यावर संशय उरेल तो घरी जाणार नाही, माझ्याबरोबर येईल. आणि चौकशी किती दिवस चालते ते विचारू नका. लवकर संपलेली मी अजून पाहिलेली नाही."

वेलांटीबाईचा हात आपोआप छातीशी गेला. तिचं बाळ आठ महिन्यांचं होतं.

२

भाषणाच्या छपाईला पाचच माणसं लागत. मशीनमामा अक्षरं जुळवत आणि मशीन चालवत, कानात कापूस घालून. स्वयंपाकताई सगळ्यांचं पोट सांभाळत. मास्तर आणि वेलांटीबाई मुद्रितं तपासत: मास्तर मूळ प्रत मोठ्यानं वाचत, ती समोरच्या मुद्रितावर पेन्सिल फिरवत जाई. एक वेलांटी इकडची तिकडं झाली तरी तिच्या नजरेतून सुटत नसे, म्हणून हे नाव. पाचवे हॅलोभाऊ. वाचनखोलीला लागून काचेची एक छोटी खोली होती, त्यात फोन, आणि फोनपाशी भाऊ. रोज प्रत्येकाला घरी एक निरोप देता येई, तोही चिठ्ठीवर. काचेच्या खालच्या फटीतून चिठ्ठी आत सरकवायची. भाऊ ती तपासणार, नोंदवहीला डकवणार आणि फोनवर वाचून दाखवणार. घरून निरोप आला तर तसाच उतरवून देणार. माणूस मोठा गोड. तीन शब्दांची चिठ्ठी दिली तर तिचं छान वाक्य करून सांगत. "मामांनी लिहिलं, 'ठीक. पंखा दुरुस्त.' आता हे काय बोलणं झालं? मी सांगितलं, 'मी ठीक आहे, तू पंखा दुरुस्त करून घे, उकाड्यात राहू नकोस.' वहिनी खूश!"

तपासणीसानं ती नोंदवही समोर ओढली आणि पहिल्यांदा वेलांटीबाईलाच बोलावलं.

"बाळ काय घेतं?"

"नऊ दिवसांपूर्वीपर्यंत माझं." ती थांबली. "आता डब्याचं. सासूबाई देतात."

"ही चिठ्ठी सातव्या दिवसाची. तुमचं अक्षर?" त्यानं वाचली. "'पहिल्या नंबरचा डबा संपत आला असेल. आता थेट दुसऱ्या नंबरचा सुरू करा. दोन डबे जास्तीचे आणून ठेवा.'"

"हो."

"सातव्या दिवशी तुम्ही डबे भरून ठेवायला सांगता, आठव्या दिवशी बातमी छापून येते."

"साहेब, सहा महिन्यांनंतर दुसरा नंबर द्यायचा असतो. सगळ्या आयांना माहीत असतं. त्याला डब्याची सवय नव्हती, म्हणून पहिल्यापासून सुरुवात केली."

"सगळ्या आयांना!" तपासणीसानं बोट वर केलं. "मला नव्हतं माहीत. डब्यांना नंबर असतात हे मला काल बायकोनं सांगितलं, आणि वर दोन पोरांचा बाप म्हणून उद्धार केला तो वेगळाच. आता सांगा, भाषणात 'बाळ' हा शब्द आहे?"

भाषण तिला तोंडपाठ होतं. "एकदाही नाही. कर मिठाई आणि बिस्किटांच्या कारखान्यांना लागणाऱ्या भुकटीवर आहे. पोत्यातल्या. बाळाच्या डब्याला हातही लावलेला नाही."

"तेच तर! मूळ मजकुरात बाळ नाही, नंबर नाहीत. बातमी फोडणाऱ्यानं ते आपल्या डोक्यातून घातलं. इथं पाच माणसं. कुणाच्या डोक्यात दिवसरात्र बाळाचे डबे असतील, बाई?"

काचेपलीकडून हॅलोभाऊ हळहळले, "साहेब, लेकुरवाळी आहे हो. बिचारीनं सहज लिहिलं असेल."

त्या दयेनं फास आणखीनच घट्ट बसला. वेलांटीबाई उठली, बेसिनपाशी गेली, दार लोटलं. छातीत दगड झाले होते. दिवसातून चारदा ती इथं येऊन दूध पिळून टाकत असे, आणि ते पांढरं पाणी होऊन नळाखाली वाहून जाताना दर वेळी दुसरीकडं बघत असे. उद्याच्या साडेबारावर तिनं नऊ दिवस काढले होते.

बाहेरून तपासणीसाचा आवाज आला. "बाई, मी मनानं ठरवलंच आहे म्हणा. तुमच्याकडं संध्याकाळपर्यंत वेळ आहे. दुसरं कुणी असेल तर सांगा."

३

काम मात्र कुणासाठी थांबत नव्हतं. दुपारी मामांकडून शेवटचं सुधारलेलं पान आलं. फोन बंद, म्हणून हॅलोभाऊ पलीकडं झोपायच्या खोलीत जाऊन आडवे झाले होते. मास्तरांनी चष्मा पुसला आणि मूळ प्रत हातात घेतली.

"वाचू का गं? होईल ना तुझ्यानं?"

"वाचा मास्तर. डोळे तरी कामाला लागू देत."

सुधारलेल्या पानावर सगळं पुन्हा वाचत नसत. चूक होती तेवढीच ओळ, तेवढाच शब्द. मास्तरांचा आवाज शाळेतल्यासारखा खणखणीत लागला. "ओळ चौथी. निधी. नि पहिली, धी दुसरी. सहा कोटी. ओळ नववी. पूर. पू दुसरा. नियंत्रण."

"एक मिनिट," कोपऱ्यातल्या खुर्चीवरून तपासणीस म्हणाला. "पहिली काय, दुसरी काय? पूर दुसरा? पहिला कुठं येऊन गेला?"

मास्तर हसले. "साहेब, वेलांटी. ऱ्हस्व ती पहिली, दीर्घ ती दुसरी. उकाराचंही तसंच. अक्षर कसं छापायचं ते आम्ही बोलून दाखवतो. ते वाक्यात नसतं."

"मला वाटलं, दोन पूर आले."

वेलांटीबाईची पेन्सिल कागदावर तशीच थांबली.

तिनं फडताळातून जुन्या मुद्रितांचा गठ्ठा काढला. सहाव्या दिवसाचं पान. जुळणीत मामांच्या हातून 'भूकटी' पडलं होतं, तिनं लाल खूण केली होती, आणि दुरुस्ती आल्यावर मास्तरांनी तेवढीच ओळ पुन्हा वाचली होती. ओळ सातवी. त्या ओळीत कारखाने नव्हते, मिठाई नव्हती. ते सगळं वरच्या, सहाव्या ओळीत राहिलं होतं.

"मास्तर, ही ओळ त्या दिवशी वाचली होतीत तशीच वाचा."

मास्तरांनी वाचली. "ओळ सातवी. दूधभुकटी. भु पहिला, टी दुसरी. बारा टक्के."

 तपासणीस खुर्चीतून उठला.

"साहेब," वेलांटीबाई म्हणाली, "ज्यानं बातमी फोडली त्यानं हे पान कधी पाहिलेलंच नाही. त्यानं ते ऐकलंय."

४

"पुढं बोला," तपासणीस म्हणाला, पण आता आवाज खाली आणून.

"मी पान पाहिलंय. मला कारखाने माहीत, पोती माहीत. मी फोडलं असतं तर खरं तेच फोडलं असतं. मास्तरांचंही तसंच. आणि मामा तीस वर्षं छापखान्यात आहेत, त्यांना पहिली-दुसरी झोपेतही कळते. हे ज्याला कळत नाही अशा माणसाच्या कानावर ती ओळ पडली. दूधभुकटी, पहिला, दुसरी, बारा टक्के. त्यानं त्याचं वाक्य केलं."

"कुणी?"

"मी तोंडानं नाव घेणार नाही. नऊ दिवस एका भांड्यातलं जेवलोय आम्ही. मला सगळ्यांचं शुद्धलेखन घेऊ दे. कशासाठी ते सांगू नका."

चार खुर्च्या मांडल्या, चार कोरे कागद ठेवले. स्वयंपाकताई ओले हात पदराला पुसत आल्या. मामांनी कानातला कापूस काढला. "शुद्धलेखन? अहो, शुद्धलेखनात नापास झालो म्हणून तर मशीनवर आलो!"

"मामा, खाली बसा."

"मार्क देणार का?"

"मामा!"

हॅलोभाऊ हसतमुखानं येऊन बसले, कागद सरळ केला, खिशातलं स्वतःचं पेन काढलं.

वेलांटीबाईनं मास्तरांच्याच सुरात एक ओळ वाचली. मुळात कुठंच नसलेली. "ओळ पहिली. मीठ. मी दुसरी. पाच टक्के."

स्वयंपाकताई खो खो हसत सुटल्या. "मी दुसरी? अगं बाई! मग पहिली कुठं गेली, माहेरी?"

मामाही हसले. मास्तरही. वेलांटीबाई हसली नाही. ती कागद गोळा करत होती. मास्तरांच्या कागदावर होतं 'मीठ ५%'. मामांच्या कागदावर 'मीठ पाच टक्के', वेलांटी दीर्घ आणि पक्की. ताईंनी 'मीठ' लिहून पुढं नुसती रेघ ओढली होती.

चौथा कागद तिनं वाचला, आणि तपासणीसापुढं धरला. सुंदर वळणदार अक्षर होतं.

'दुसऱ्या प्रतीच्या मिठावर पाच टक्के कर.'

५

"मग? त्यात काय झालं?" हॅलोभाऊ म्हणाले. चेहऱ्यावरचं हसू अजून उतरलं नव्हतं, विसरल्यासारखं राहिलं होतं. "मला तुमची भाषा येत नाही, साहेब. ताईंना तरी कुठं आली?"

"नाही आली," वेलांटीबाई म्हणाली. "आणि ताईंच्या कानावरही सगळं पडतं, वाढपाच्या खिडकीतून. पण नोंदवही बघा, साहेब. नऊ दिवसांत ताईंची एक चिठ्ठी नाही."

"कुणाला लिहू?" ताई म्हणाल्या. "लेकरं सातासमुद्रापार. आणि डब्याचे नंबर म्हणाल, तर डब्याला झाकण असतं एवढं मला ठाऊक. माझ्या पोरांचा डबा मीच होते."

"मलाही मूलबाळ नाही, बाई," भाऊ शांतपणे म्हणाले. "मला बाळाच्या डब्यातलं काय कळणार?"

तपासणीसानं तिच्याकडं पाहिलं. प्रश्न बिनतोड होता.

"तुम्हाला मी शिकवलं, भाऊ." वेलांटीबाईनं नोंदवही उघडली. "हा पहिला दिवस. 'माझं दूध नसल्यानं रडेल. पहिल्या नंबरच्या डब्यातलं एक चमचा करून बघा.' तिसरा दिवस. 'पहिला नंबर पचला का?' पाचवा. 'दुसरा नंबर कधी सुरू करायचा ते डॉक्टरांना विचारा.' तुम्ही हे रोज माझ्या सासूबाईंना वाचून दाखवत होतात. पाच दिवस पहिला नंबर, दुसरा नंबर, दूध, भुकटी. आणि सहाव्या दिवशी काचेच्या फटीतून मास्तरांचा आवाज आला. तुमच्या डोक्यात तो शब्द पडायला जागा तयारच होती. ती मी केली होती."

"हे सगळं तुमचं अनुमान आहे."

"हो. साहेब, तुमच्याकडं फोनची यादी असेल."

"आहे. सगळे नंबर मंजूर यादीतलेच आहेत."

"नंबर नको. वेळ बघा. भाऊही आपल्यासारखेच रोज एक चिठ्ठी लिहितात. पण आपल्या चिठ्ठ्या ते वाचतात आणि तपासतात. त्यांची कोण तपासतं?"

तपासणीसानं खिशातून घडी केलेली यादी काढली. बोट खाली खाली सरकलं आणि थांबलं.

"सातवा दिवस. भाऊंच्या घरचा नंबर. नोंदवहीतली चिठ्ठी, 'मी बरा आहे.'" त्यानं मान वर केली. "चार मिनिटं वीस सेकंद."

"कुठं लांबवर राहतात का हो?" मामा म्हणाले. "आवाज पोचायला वेळ लागला असेल." पण कुणी हसलं नाही, आणि त्यांनाही ते बोलून बरं वाटलं नाही.

हॅलोभाऊंनी पेनाचं टोपण लावलं. दोनदा प्रयत्न करून लागलं.

"माझ्या साडूचं औषधांचं दुकान आहे," ते म्हणाले. "त्या वेळी तो घरी आला होता. गळ्यापर्यंत बुडालाय. मी एवढंच म्हटलं की डबे महागणार आहेत, भरून ठेव. बाजारपत्रकात त्यानं दिलं. भाव चढावा म्हणून. मी नाही सांगितलं ते."

"आणि सकाळपासून हिच्यावर बालंट येत होतं तेव्हा?" मास्तर उभे राहिले होते. तीस वर्षं शाळेत शिकवलेल्या माणसाचा आवाज फार वर जात नाही, तरी सगळे दचकले. "'लेकुरवाळी आहे हो' म्हणालात तुम्ही. मी ऐकलं."

 तपासणीस तोपर्यंत काचेच्या खोलीत गेला होता. खण ओढल्याचा आवाज आला. 

तो बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात एक चिठ्ठी होती, भाऊंच्याच वळणदार अक्षरातली.

"बाई, ही तुमच्या घरून आलेली. काल दुपारची. तुम्हाला दिलेली नाही."

६

'दुसऱ्या नंबरचा डबा कुठंही मिळत नाही. बाबा पाच दुकानं फिरून आले. पहिला आज संपेल. मऊ भात कालवून देते, दोन घास घेतो, मग तोंड फिरवतो आणि दाराकडं बघतो. काय करू ते कळव. आई.'

वेलांटीबाईनं ती उभ्यानंच वाचली. मग बसली. मग पुन्हा वाचली.

"का दिली नाहीत?" तिनं भाऊंना विचारलं. राग यायला हवा होता, तो मागाहून येणार होता बहुतेक.

"दिली असती तर आत कळलं असतं, बाहेर काहीतरी फुटलंय म्हणून." ते भिंतीकडं बघत होते. "मी कसं वाक्य करू याचं, तेही सुचेना, बाई. पहिल्यांदा असं झालं."

तपासणीसानं दारावर तीनदा थाप मारली, फटीतून कुणाशी तरी बोलला. साडूच्या दुकानाचा पत्ता, गोदामाला सील, आणि शेवटी, जरा घसा खाकरून, "दुसऱ्या नंबरचे दोन डबे. हो, आत्ता. पावती माझ्या नावावर करा. घराचा पत्ता देतो." बाहेरच्या पहारेकऱ्यांनी भाऊंना दारापलीकडच्या कोठडीत नेलं, उद्यापर्यंत तिथंही कुलूपच. जाताना त्यांनी मागं पाहिलं नाही, आणि त्यांचं जेवणाचं ताट ताईंनी उचलून ठेवलं.

"मी पण येऊ का आता?" वेलांटीबाईनं विचारलं. उत्तर माहीत होतं, तरी विचारलं.

"नाही. कुणीच नाही. भाषण होईपर्यंत नियम तो नियम." कुलूप लागलं. तपासणीसही आतच राहिला. भाषण त्याच्याही कानावर पडलं होतं. आता उद्यापर्यंत तोही कोंडलेला. हे त्याच्या आत्ता लक्षात आलं असावं. मामांनी त्याला चहाचा कप दिला आणि भिंतीवरचं घड्याळ दाखवलं. "त्याच्यावर विश्वास ठेवू नका."

चहा संपवून तो काचेच्या खोलीत भाऊंच्या खुर्चीवर जाऊन बसला. फटीशी वाकून म्हणाला, "एक निरोप पाठवू शकतो. चिठ्ठी लिहा."

तिनं लिहिली. खोडली. पुन्हा लिहिली आणि सरकवली.

त्यानं नंबर फिरवला. पलीकडं सासूबाईंचा आवाज आला, फोनचा आवाज मोठा केलेला होता म्हणून सगळ्यांना ऐकू आला. "हॅलो? भाऊ का?"

"भाऊ नाही. मी... मी तपासणीस बोलतोय. घाबरू नका. निरोप आहे. डबे दोन तासांत घरी येतील. बाई सुखरूप आहेत, उद्या दुपारी घरी पोचतील." तो चिठ्ठीकडं बघून थांबला.

"हे चिठ्ठीत नाही," वेलांटीबाई काचेपलीकडून म्हणाली. "लिहिलंय तसं वाचा, साहेब. फोन बाळाच्या कानाला लावायला सांगा, आणि लिहिलंय तसं वाचा."

तपासणीसानं एकदा मास्तरांकडं पाहिलं, एकदा मामांकडं. दोघंही छताकडं बघायला लागले. पलीकडं खुडबुड झाली, आणि मग एक छोटा, ओलसर श्वास ऐकू आला. खूप जवळून.

"माझ्या... माझ्या ठोंब्या," तपासणीसानं वाचलं. त्याच्या मानेपर्यंत लाली चढली होती. "माझ्या ढमढम ढोलक्या. आई हरवलेली नाही. आईला कुलूप लावलंय. तू भात खा, मी येते."

श्वास थांबला. मग पलीकडून आवाज आला, मोठा, रागावलेला, लांबलचक, ज्यात एकही शब्द नव्हता. तो संपला, दम घेतला, आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू झाला, जणू कुणी मध्येच तोडू नये म्हणून. वेलांटीबाईनं दोन्ही तळवे काचेला लावले होते. तिच्या ब्लाउजवर दोन ओले डाग पसरत चालले होते आणि तिला त्याची पर्वा नव्हती. ताईंनी मागून येऊन आपला पदर तिच्या खांद्यावरून पुढं ओढून धरला.

फोन बंद झाला. तपासणीसानं नोंदवही पुढं घेतली. घरून आलेला निरोप त्यात उतरवायचा, तसा नियम होता.

"बाई," तो म्हणाला, पेन हातात तसंच, "हे कसं लिहू?"

"मला काय विचारता?" वेलांटीबाई नाक पुसत म्हणाली. "तुम्ही दोन पोरांचे बाप. ऐकलंत तसं लिहा."

त्यानं बराच वेळ विचार केला. मग खाली वाकून सावकाश, एकेक अक्षर काढत, लिहायला लागला. पान भरलं तेव्हा उलटलं.